बीई आहे पण डिप्लोमा नाही म्हणून अपात्र? आधी नियमाचा कागद काढा

प्रश्न विचारणाऱ्या भावाचं म्हणणं आधी थोडक्यात सांगतो, म्हणजे बाकीच्यांनाही संदर्भ लागेल. गाव तासगाव तालुक्यातलं. बारावी सायन्स करून थेट बीई सिव्हिल, डिप्लोमा केलेलाच नाही. राज्य सरकारच्या एका खात्यात तांत्रिक पदाची जाहिरात आली, त्यात अर्हता होती 'स्थापत्य अभियांत्रिकी पदविका किंवा शासनाने समतुल्य म्हणून मान्य केलेली अर्हता'. फॉर्म नेट कॅफेत भरला, ड्रॉपडाऊनमध्ये डिग्रीचा ऑप्शनच नव्हता म्हणून कॅफेवाल्यानं 'डिप्लोमा' टाकून सबमिट केलं. परीक्षेत मार्क चांगले पडले, मेरिटला नाव आलं, कागदपत्र पडताळणीला डिग्री दाखवली, आणि पाच महिन्यांपूर्वी लागलेल्या यादीत नावापुढं एवढंच: 'विहित अर्हता नाही, अपात्र'. आता विचारतायत की डिग्री डिप्लोमापेक्षा मोठी असताना अपात्र कसं काय, केस कोल्हापूरला टाकायची का मुंबईला, आणि बॅचमधला एक मित्र याच डिग्रीवर दुसऱ्या जिल्ह्यात लागलाय त्याचा काही उपयोग होईल का.

मी साताऱ्यात वकिली करतो, गेली वीसेक वर्षं बहुतेक सर्व्हिस मॅटर, म्हणजे नोकरीचे खटलेच बघतोय. असा प्रश्न घेऊन पोरं महिन्यातनं एकदोनदा तरी येतातच, सोबत वडील असतात, आणि पहिलं वाक्य ठरलेलं, "साहेब, मोठं शिक्षण घेतलं हा गुन्हा झाला का?" गुन्हा नाही. पण कोर्टात हा प्रश्नच नसतो. तिथं बघतात ते एवढंच की त्या पदाच्या सेवाप्रवेश नियमात, म्हणजे भरतीच्या नियमात, काय लिहिलंय, आणि तुमच्याकडं जे आहे ते त्या लिहिलेल्यात बसतं का. डिग्री मोठी का डिप्लोमा मोठा हे तिथं कुणी मोजत बसत नाही.

हे मी पुस्तकातलं सांगत नाही, स्वतः तोंडावर पडून शिकलोय. सुरुवातीच्या काळात असंच एक मॅटर घेऊन मॅटमध्ये, म्हणजे राज्य सरकारी नोकरीचे वाद बघणाऱ्या न्यायाधिकरणात, उभा राहिलो, जाहिरातीची झेरॉक्स हातात, आणि दहा-पंधरा मिनिटं रंगात येऊन सांगत होतो की डिग्रीच्या सिलॅबसमध्ये डिप्लोमाचे सगळे विषय येतात, चार वर्षांचा कोर्स आहे, वगैरे. मेंबर साहेबांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि विचारलं, "नियम कुठाय?" माझ्याकडं नियम नव्हता. जाहिरात होती, मार्कशीट होत्या, सिलॅबससुद्धा बाइंडिंग करून नेलेला, फक्त नियम तेवढा नव्हता. समोरच्या सादरकर्ता अधिकाऱ्यांनी, म्हणजे सरकारची बाजू मांडणाऱ्या वकिलांनी, फाइलमधून राजपत्राची प्रत काढून वर दिली आणि माझं भाषण तिथंच संपलं. तेव्हापासून नियमाची प्रत टेबलावर आल्याशिवाय मी वकीलपत्रावर सही घेत नाही.

तर आता तुमच्या केसकडं. सुप्रीम कोर्टाचे निकाल या विषयावर दोन्ही बाजूंनी आहेत, आणि नेटवर लोक फक्त आपल्या सोयीचा अर्धा शेअर करतात म्हणून दोन्ही सांगतो.

केरळचा एक निकाल आहे. तिथल्या वीज मंडळात सब-इंजिनिअर पदाला डिप्लोमा मागितला होता, उमेदवार बीटेक होते, आणि कोर्टानं त्यांना पात्र धरलं. हा निकाल घेऊन पोरं नाचत येतात. पण त्यांच्या बाजूनं निकाल लागला कारण केरळच्या सेवा नियमांतच लिहिलेलं होतं की ज्या वरच्या अर्हतेत खालची अर्हता गृहीत धरलेली असते ती चालेल. म्हणजे नियमातच दार ठेवलेलं होतं, कोर्टानं भिंत फोडून केलेलं नाही. मग २०१८ चा जम्मू-काश्मीरचा निकाल बघा. टेक्निशियनच्या पदाला दहावी आणि त्या ट्रेडचा आयटीआय मागितला होता, उमेदवारांकडं डिप्लोमा होता, म्हणजे वरचंच शिक्षण. कोर्टानं सरळ सांगितलं की तिथल्या नियमात केरळसारखी तरतूद नाही, कोणती अर्हता ठेवायची आणि कोणती समतुल्य धरायची हे नोकरी देणाऱ्यानं ठरवायचं, कोर्टानं आपल्या मनानं त्यात भर घालायची नाही. डिप्लोमावाले बाहेर.

आणि तिसरा, जो तुमच्यासाठी सगळ्यात कामाचा आहे, तो हिमाचल प्रदेशच्या वीज मंडळाचा, २०२१ चा. ज्युनिअर इंजिनिअर, मागितलेला डिप्लोमा, उमेदवार डिग्रीवाले, अगदी तुमच्यासारखंच. तिथं कोर्टानं काय केलं, तर फक्त भरतीच्या नियमावर थांबले नाहीत, त्याच्या वरच्या पदाचे पदोन्नतीचे नियम काढून बघितले. त्यात असिस्टंट इंजिनिअरच्या प्रमोशनमध्ये नोकरीला लागण्याआधीपासूनच डिग्री असलेल्या ज्युनिअर इंजिनिअरसाठी वेगळा कोटा होता. आता सांगा, डिग्रीवाला खालच्या पदावर लागूच शकत नसेल तर हा कोटा भरायचा कुणातनं? म्हणजे नियम करणाऱ्याच्या मनात डिग्रीवाले होतेच, असा अर्थ कोर्टानं काढला आणि डिग्रीवाल्यांना पात्र धरलं. मला हा निकाल आवडतो, कारण यात भावनेला हात घातलेला नाही, दोन कागद शेजारी शेजारी ठेवून अर्थ लावलाय.

म्हणून तुमचं पहिलं काम, तुमच्या पदाचे सेवाप्रवेश नियम आणि त्याच्या वरच्या पदाचे पदोन्नतीचे नियम, दोन्ही मिळवा. राजपत्रात छापलेले असतात, नंतरच्या सुधारणाही असतात, त्या सुटल्या तर सगळंच फसतं. साइटवर सापडले तर ठीक, नाही तर माहिती अधिकारात मागा, दहा रुपयांचं काम आहे, उत्तर तीस दिवसांत यायला पाहिजे. एक लक्षात ठेवा, आपल्या राज्याच्या आरटीआय नियमांत २०१२ पासून एका अर्जात एकच विषय आणि दीडशे शब्दांची मर्यादा आहे, त्यामुळं पान पान भरून अन्यायाची कहाणी लिहू नका, तेवढ्या कारणावरनं अर्ज परत येतो. एक अर्ज नियमांच्या प्रतीसाठी, दुसरा तुमच्या अपात्रतेच्या फाइलवरच्या टिप्पण्यांसाठी, तिसरा त्या खात्यानं या पदासाठी समतुल्य म्हणून काय काय मान्य केलंय त्याच्या शासन निर्णयासाठी.

हा तिसरा अर्ज का, तर तुमच्या जाहिरातीत 'समतुल्य' शब्द आहे आणि बरेच जण समतुल्य म्हणजे 'तेवढं किंवा त्याच्या वरचं' असं वाचतात. तसं नाही. समतुल्य म्हणजे बरोबरीचं, आणि तुमच्या जाहिरातीत तर 'शासनाने मान्य केलेली' असं स्पष्ट आहे, म्हणजे शासनाचा कागद दाखवावा लागणार. अमुक कोर्स तमुक कोर्सच्या बरोबरीचा आहे का हा तांत्रिक विषय आहे, तो तज्ज्ञांनी आणि शासनानं ठरवायचा, अशी कोर्टाची भूमिका सत्तरच्या दशकापासून आहे. कॉलेजच्या प्रिन्सिपलचं पत्र, 'सदर विद्यार्थ्याने पदविकेतील सर्व विषय अभ्यासले आहेत' असं, ते आणू नका म्हणत नाही, पण त्याच्यावर केस उभी राहत नाही. जाहिरातीत आणि नियमात फरक निघाला तर नियम वरचढ, हेही डोक्यात असू द्या. कधी कधी नियमात 'किमान' शब्द असतो आणि जाहिरात टाइप करताना तो गळलेला असतो. एका शब्दावर केस फिरलेली मी बघितलीय.

आता दुसरा मुद्दा, जो तुम्ही जाता जाता एका ओळीत लिहिलाय आणि माझ्या मते तोच सगळ्यात नाजूक आहे. फॉर्ममध्ये डिप्लोमा भरला. तुमच्याकडं डिप्लोमा नाही. समोरचा सादरकर्ता अधिकारी उभा राहून पहिलं वाक्य हेच म्हणणार की उमेदवारानं खोटी माहिती भरली, आणि एकदा का 'खोटी माहिती' हा शब्द रेकॉर्डवर आला की डिग्री-डिप्लोमाचा वाद बाजूलाच राहतो. २०२० चा एका राष्ट्रीयीकृत बँकेचा निकाल आहे, शिपाई पदाला पदवीधर नको असं जाहिरातीतच होतं, उमेदवारानं पदवी लपवून फक्त बारावी दाखवली, नंतर उघड झालं, सुप्रीम कोर्टानं त्याला काही दिलं नाही. तिथं लपवलं हाच राग होता.

तुमच्या बाजूनं दोन गोष्टी आहेत. एक, पडताळणीला तुम्ही स्वतः डिग्री काढून दिली, काही लपवलं नाही. दुसरी, ड्रॉपडाऊनमध्ये ऑप्शनच नव्हता असं तुम्ही म्हणताय. हे खरं असेल तर सोन्यासारखं आहे, पण दाखवणार कसं? वेबसाइट बंद झालेली, लिंक मेलेली. माझ्याकडं मागं खटाव तालुक्यातला एक पोरगा आलेला, सेम अडचण, फरक एवढाच की त्यानं फॉर्म भरताना हेल्पडेस्कला ईमेल टाकला होता, 'माझे शिक्षण बीई आहे, पर्याय दिसत नाही, काय निवडू?' उत्तर आलंच नव्हतं. पण मोबाइलच्या सेंट मेलमध्ये तो मेल होता, तारीख शेवटच्या मुदतीच्या चार दिवस आधीची, खाली त्यानं स्क्रीनचा फोटो जोडलेला, काचेवर ट्यूबलाइट चमकतेय आणि मधे ती तीन पर्यायांची यादी. मी तो फोटो मोठा करून प्रिंट काढली आणि अर्जाला पहिलं जोडपत्र म्हणून तोच लावला. त्याच्या बाकी केसमध्ये वेगळे गुंते होते, पण 'खोटी माहिती' हा शब्द त्याच्याविरुद्ध कुणी उच्चारला नाही. तुमच्याकडं असं काही आहे का बघा, व्हॉट्सॲपवर कुणाला विचारलं असेल, ग्रुपमध्ये कुणी स्क्रीनशॉट टाकला असेल, बाकीच्या डिग्रीवाल्या उमेदवारांना विचारा. कॅफेवाल्याला दोष देऊन मात्र काही होत नाही, सबमिटच्या आधी 'वरील माहिती खरी आहे' हे डिक्लेरेशन तुमचं असतं.

अर्थात प्रत्येक चूक म्हणजे खोटेपणा असंही नाही. बिहारच्या पोलीस भरतीत एकाची फॉर्ममधली जन्मतारीख चुकली, १८ डिसेंबरच्या जागी ८ डिसेंबर, फॉर्म सायबर कॅफेतनंच भरलेला, त्याची निवड रद्द झाली आणि २०२४ च्या जानेवारीत सुप्रीम कोर्टानं ती परत दिली, कारण त्या चुकीचा निवडीवर काही परिणाम नव्हता आणि त्याला काही फायदाही झाला नव्हता. पण तुमची चूक त्या जातीची आहे असं मी छातीठोक म्हणणार नाही. तारीख चुकल्यानं तो पात्र किंवा अपात्र होत नव्हता. तुमच्यात डिप्लोमा निवडल्यामुळंच फॉर्म पुढं सरकला. हा फरक समोरचा दाखवणारच.

मित्राचं सांगतो. तो लागला म्हणून मलाही घ्या, हे चालत नाही. एकाला चुकून दिलं असेल तर तीच चूक दुसऱ्यासाठी पुन्हा करा असा आदेश कोर्ट देत नाही, समानतेचा हक्क बेकायदेशीर गोष्टीत मागता येत नाही. उलट चुकीच्या पद्धतीनं मांडलं तर मित्राची नोकरी धोक्यात यायची, आणि गावाकडं तोंड दाखवायची पंचाईत. पण तीच गोष्ट दुसऱ्या पद्धतीनं मांडता येते. त्याच खात्यानं, त्याच नियमाखाली, वेगवेगळ्या वर्षी डिग्रीवाले घेतले असतील तर खातं स्वतः हा नियम कसा वाचत आलंय याचा तो पुरावा होतो. मग मुद्दा 'त्याला दिलं, मला का नाही' असा राहत नाही, 'तुम्हीच आजपर्यंत असा अर्थ लावत आलात, आता बदलला तो कशाच्या आधारावर' असा होतो. त्यासाठी एक मित्र पुरत नाही, आठ-दहा नेमणुकांची माहिती लागते, नावं नकोत, नुसती संख्या आणि अर्हता आरटीआयनं मागा.

कुठं जायचं? मुंबई हायकोर्टाचं कोल्हापूरचं सर्किट बेंच १८ ऑगस्ट २०२५ पासून सुरू झालं, सातारा, सांगली, कोल्हापूर, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग असे सहा जिल्हे त्याच्याकडं आले, आणि तेव्हापासून प्रत्येकाला वाटतं सगळ्या केस आता कोल्हापूरलाच. तसं नाही ओ. तुमचं पद राज्य सरकारच्या खात्यातलं आहे, त्यामुळं आधी मॅट, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, आणि आपल्या भागासाठी ते मुंबईला नरिमन पॉइंटला. हायकोर्ट नंतर, मॅटचा निकाल विरोधात गेला तर. १९९७ च्या सुप्रीम कोर्टाच्या सात न्यायाधीशांच्या निकालानं हे पक्कं केलंय, मॅट ओलांडून थेट हायकोर्टात रिट याचिका टाकली तर परत पाठवतात आणि मधले दोन-चार महिने वाया. हेच पद जिल्हा परिषदेचं असतं तर मॅट नाही, सरळ हायकोर्ट, म्हणजे तुम्हाला कोल्हापूर. महापालिका, महावितरण, एसटी यांचंही मॅटकडं येत नाही. खासगी अनुदानित शाळांचं तर आणखी वेगळं, त्यांना शाळा न्यायाधिकरण. त्यामुळं नेमणूक देणारा नक्की कोण हे जाहिरातीच्या पहिल्या पानावर बघा. महालक्ष्मीचं रात्रीचं तिकीट काढायचं का सकाळची कोल्हापूरची एसटी धरायची ते त्याच्यावर आहे.

मुदत. मॅटला एक वर्ष, अपात्रतेचा आदेश निघाल्यापासून. तुमचे पाच महिने गेले. आता पोरं काय करतात, निवेदन देतात, मग स्मरणपत्र, मग मंत्र्यांच्या बंगल्यावर, मग आमदारांचं पत्र, आणि त्यांना वाटतं शेवटच्या निवेदनापासून वर्ष मोजायचं. मोजत नाहीत. निवेदनांवर निवेदनं देऊन मुदत लांबत नाही, हे कोर्टानं कितीदा सांगितलंय. एक निवेदन द्या, जरूर द्या, त्यात नियमाचा क्रमांक आणि डिग्रीची प्रत लावा, आणि कारणासह लेखी आदेश मागा. कारणासह का, तर आदेशात जे कारण लिहिलंय त्यावरच तो टिकला पाहिजे, नंतर प्रतिज्ञापत्रात नवीन कारणं घुसडता येत नाहीत, हा १९७८ पासूनचा कायदा आहे. यादीतल्या 'विहित अर्हता नाही' या तीन शब्दांवर त्यांना आत्ताच बांधून घेतलं तर उद्या 'खोटी माहिती' हे कारण नव्यानं आणायला त्यांना जड जाईल. म्हणून निवेदनातसुद्धा फॉर्मच्या ड्रॉपडाऊनची कहाणी लांबवू नका. लपवायची नाही, एका वाक्यात खरं ते लिहा आणि पुढं चला.

वर्षाची मुदत आहे म्हणून अकराव्या महिन्यात या असं मात्र माझं म्हणणं नाही. जागा भरतात. तुमच्या जागी वेटिंगवाला आला, जॉइन झाला, की त्यालाही केसमध्ये पार्टी, म्हणजे प्रतिवादी, करावं लागतं, नाही केलं तर एवढ्या एका मुद्द्यावर अर्ज उडू शकतो. तो पोरगा पण कुठल्यातरी तुमच्या-आमच्यासारख्या घरातलाच असतो, त्याचा वकील येतो, उत्तर येतं, तारखा वाढतात. जागा रिकामी असतानाच गेलं तर 'एक पद अर्जाच्या निकालापर्यंत रिकामं ठेवा' असा अंतरिम आदेश मागता येतो. मिळेलच असं नाही. मिळाला तरी नोकरी लागली असं समजू नका, माझ्याकडं एकजण अंतरिम आदेशाच्या दुसऱ्याच दिवशी कंदी पेढ्यांचा बॉक्स घेऊन आलेला, मी तो घेतला नाही, म्हटलं फायनल झाल्यावर आण.

खर्चाचं म्हणाल तर ते इथं आकड्यात सांगत नाही, वकील, तारखा, मुंबईच्या फेऱ्या यावर सगळं अवलंबून. तुमच्यासारखेच अपात्र झालेले चार-पाच डिग्रीवाले मिळाले तर एकत्र गेलेलं बरं पडतं, खर्चालाही आणि 'हा एकट्याचा प्रश्न नाही' हे दिसायलाही. फक्त त्या सगळ्यांची फॉर्ममधली गोष्ट एकसारखी आहे का ते आधी तपासा. एकानं खरोखरच खोटा डिप्लोमा जोडला असेल तर तो बाकीच्यांना घेऊन बुडतो.

एवढं वाचून तुम्ही विचाराल, माझी केस आहे का नाही? आत्ता जे सांगितलंय तेवढ्यावर मला अर्धी अर्धी वाटते. नियमात 'किमान' किंवा 'अथवा उच्च अर्हता' असे शब्द निघाले, किंवा वरच्या पदाच्या नियमात डिग्रीवाल्या कर्मचाऱ्यांचा उल्लेख निघाला, तर मी उद्याच अर्ज ड्राफ्ट करायला बसेन. यातलं काहीच नसेल तर तुमच्या वडिलांना समोर बसवून सांगेन की पैसे यात घालू नका, पुढच्या परीक्षेच्या तयारीला लावा. असं सांगितल्यावर राग येतो लोकांना, दुसऱ्या वकिलाकडं जातात, जाऊ देत.

आज रात्री एक काम करा. जाहिरातीची मूळ पीडीएफ, तिची शुद्धिपत्रकं, तुमच्या अर्जाची प्रिंट आणि ती अपात्रतेची यादी, चारही फाइली डाउनलोड करून दोन ठिकाणी ठेवा, भरती संपली की साइटवरनं या गोष्टी गायब होतात आणि मग आरटीआयच्या मागं लागावं लागतं. आणि नियमातला अर्हतेचा परिच्छेद हातात आला की त्याचा फोटो इथंच टाका, नावगाव झाकून. मग सांगतो केरळवाली लाइन लागते, हिमाचलवाली का काश्मीरवाली.